फौजदाराची चटई

कुवेंपुनगर, म्हैसूर
३ फेब्रुवारी १९७९

अंबूताई,

आधी तुझ्या पायांवर डोकं ठेवतो, कारण पुढे थोडं रागाने लिहिणार आहे.

डॉक्टरांनी तारीख दिली. सोमवार, १६ एप्रिल. उजवा डोळा. तुझा डोळ्यांच्या शिबिरातला कागद घेऊन मी स्वतः दवाखान्यात दीड तास उभा राहिलो, तेव्हा मिळाली. डॉक्टर म्हणाले, उजवा मोतीबिंदू पुरता पिकला आहे. आणखी थांबलात तर आत ताण वाढून तो डोळा कायमचा जाईल, आणि डावा त्याच वाटेवर आहे. हे त्यांचेच शब्द. माझं एक अक्षर त्यात नाही.

आणि तुझा निरोप काय? 'तुझ्या घरी कुत्रा आहे, माझ्या मांजराला बघायला कुणी नाही, देव ठेवील तशी राहीन.' ताई, तुझ्या परसात विहीर आहे. कठडा गुडघ्याएवढा. देवाला एवढं काम का लावतेस?

आता ऐक. चिन्नीला घेऊनच ये. फौजदाराला मी तयार करतो. बहात्तर दिवस आहेत.

घर बांधलं तेव्हा वास्तुशांतीला तू आलीस, त्याने दोन्ही पाय तुझ्या खांद्यांवर टाकले आणि तू पायरीवर बसकण मारलीस, ते मी विसरलेलो नाही. तो चावत नाही. पाहुणा आला की त्याला राहवत नाही, एवढंच. दारात येईल त्याची अंगावर चढून चौकशी करतो, म्हणून तर फौजदार नाव पडलं. पण या वेळी ते चालायचं नाही. ऑपरेशननंतर दोन्ही डोळ्यांना पट्टी, मान हलवायची नाही, दचकायचं नाही, शिंकसुद्धा नाही. टाका सुटला तर सगळं फुकट. तेव्हा फौजदार नुसता गरीब होऊन भागणार नाही, तो दगड व्हायला हवा.

ही विद्या मी कुणाकडे शिकायला गेलो नाही, जशी कोटाचीही गेलो नव्हतो. कुणा अधिकाऱ्याचा फाटका कोट जुन्या बाजारात मिळाला, तो टाक्याटाक्याने उसवला, तुकडा न् तुकडा कागदावर आखला आणि परत जोडला. अकरा दिवस लागले. आज माझ्या कॉलरीत दोष दाखवणारा माणूस म्हैसुरात नाही. जनावराची सवयही अशीच असते. ती फाडायची नाही, उसवायची.

तुझा
शंभू


सरगूर
१० फेब्रुवारी

शंभू, सुखात राहा.

तुझं पत्र शेजारच्या भागीरथीबाईंनी वाचून दाखवलं. 'रागाने' आलं की त्या आवाज चढवतात, त्यामुळे माझा भाऊ माझ्यावर रागावलाय हे गल्लीभर झालं. लिहिते मात्र मीच. ओळी कुठे चालल्यात ते मला दिसत नाही, तू टेप लावून बघू नकोस.

डोळ्यांचं म्हणशील तर मी दुःखात नाही रे. सकाळी पडवीत बसले की सगळं गाव मलमलीच्या पडद्याआड असतं. तुमच्या भावोजींच्या दुकानात मलमल यायची ना, चार पदरी धरली की पलीकडचा माणूस नुसता रंग होऊन जायचा, तसं. नारळाचं झाड म्हणजे वरती एक हिरवा धूर. दिव्याभोवती कडी दिसतात, एकात एक, मोरपिसासारखी. मला वाटतं, तुम्हाला एकच दिवा दिसतो, मला त्याचं सगळं गोत दिसतं.

चिन्नी पांढरी म्हणून दिसते. ती चालली की उजेडाचा एक तुकडा चालल्यासारखं होतं, मी त्याच्या मागून जाते. ती विहिरीकडे जात नाही, म्हणून मीही जात नाही. आता सांग, तिला इथे सोडून मी येऊ कशी? आणि तुझ्या त्या फौजदाराच्या घरात तिला आणू कशी?

तरी तू म्हणतोस तर कर प्रयत्न. तू ऐकणार थोडाच.

अंबूताई


कुवेंपुनगर
२० फेब्रुवारी

ताई,

पद्धत लिहितो. भागीरथीबाईंना सांग, आवाज न चढवता वाचा.

पुढच्या खोलीत, दारापासून नऊ फुटांवर, एक चटई घातली आहे. ती फौजदाराची जागा. भोवती खडूची रेघ आहे. सायकलची घंटी वाजली की त्याने चटईवर जायचं, बसायचं, आणि पाहुणा आत येऊन टेकेपर्यंत उठायचं नाही. हुकूम एकच: 'सुम्मनिरु', म्हणजे गप्प राहा. त्याला कन्नडच कळतं. आपली मराठी म्हणजे जेवायला वाढताना बोलायची भाषा, असा त्याचा समज आहे. हुकूम हळू आवाजात द्यायचा. ओरडलं तर त्याला वाटतं, आपण दोघं मिळून पाहुण्यावर भुंकतोय.

पाहुणा म्हणून समोरचे गंगाधरराव रोज पावणेपाचला येतात. सेवानिवृत्त आहेत, वेळेचे पक्के. पहिल्या दिवशी ते फाटकाशी, एकतीस फुटांवर, नुसते उभे राहिले. दुसऱ्या दिवशी दीड फूट पुढे. त्यांनी कुत्र्याकडे बघायचं नाही, हात वर करायचे नाहीत, 'काय रे गुलामा' म्हणायचं नाही. हे तिसरं त्यांना फार जड जातं. चारही पाय जमिनीवर असले तर फौजदाराला भाजलेला अर्धा शेंगदाणा. अख्खा नाही. अख्ख्याने लक्ष चावण्याकडे जातं.

आता तुझं काम. ज्याला कधी पाहिलं नाही त्याची जनावराला नाकाने ओळख होते. ज्या कापडावर फौजदार तीन दिवस झोपला ते बारा इंच चौरस कापड धाडतो आहे. काठ मुद्दाम दुमडलेले नाहीत. ते चिन्नीच्या दुधाच्या बशीखाली ठेव. चिन्नी ज्यावर झोपते त्या कापडाचा तसाच तुकडा मला पाठव. आठवड्याला एक. सरगूरच्या बसचे कंडक्टर वेंकटरमण माझ्याकडे शर्ट शिवून घेतात, ते नेतील आणतील. मी दुकानात असतो, तेव्हा पुडकं बांधून स्टँडवर देण्याचं काम तुझ्या भावजयीकडे, म्हणजे कुसुमकडे सोपवलं आहे.

दोघांना एकमेकांचा वास घरचा झाला की भेटीच्या दिवशी भांडायला काही उरतच नाही.

शंभू


सरगूर
१ मार्च

शंभू,

कापड पोचलं. फौजदार मोठा टापटिपीचा दिसतो. कुत्र्याचा वास म्हणून नाही त्याला! मी भीत भीत पुडकं उघडलं, भागीरथीबाईंनी आधी पदर नाकाला लावला, मग काढला, म्हणाल्या, "अय्यो अंबूबाई, याच्यापेक्षा आमच्या घरातला माणूस जास्त वास मारतो."

चिन्नीने एकदा हुंगलं, दोन वेळा गोल फिरली आणि सरळ वर झोपली. तिचं कापड नीटनेटकं करून सोबत देते आहे.

दुपारी मी तिच्याजवळ आडवी झाले. डोळे मिटले की मला आता उघड्यापेक्षा स्पष्ट दिसतं. तुझं घर दिसलं. मी ते एकदाच पाहिलंय, तेही धुक्यात, त्यामुळे स्वप्नात मी माझ्या मनाने बांधते: खिडक्या खूप, आणि जमीन पाण्यासारखी. त्या पाण्यावर एक चटई तरंगत होती. वर कुणी नव्हतं.

असो. म्हातारीची स्वप्नं तुझ्या वहीत घालू नकोस.

अंबूताई


कुवेंपुनगर
१५ मार्च

ताई,

आनंदाची बातमी, आणि ती मी मोजूनमापून देतो आहे.

तीन कापडं, तिन्ही वेळा यश. फौजदाराच्या नाकापुढे धरलं की एकदा हुंगतो, शेपूट खाली, कान सैल, मान चटईवर. मांजराच्या वासाला एवढा शांत राहिलेला कुत्रा मी पाहिला नाही. तुला वास येत नाही म्हणालीस, ते साहजिक आहे. माणसाचं नाक जाडंभरडं. चिन्नी त्याच्या कापडावर झोपली यातच सगळं आलं.

गंगाधरराव आता उंबऱ्यापर्यंत आले आहेत. बुधवारी ते आत येऊन खुर्चीवर बसले, फौजदार अकरा मिनिटं चटईवर होता. मधे एकदा मागचा डावा पाय रेघेबाहेर गेला, तो मी धरलेला नाही, कारण तो झोपेत गेला.

तू शनिवारी, ७ एप्रिलला ये. म्हणजे ऑपरेशनच्या आधी घराची सवय होईल.

शंभू

वन्सं, मी कुसुम. यांनी पत्र पाकिटात घालायला दिलं म्हणून दोन ओळी. कुत्रा किती शिकला देव जाणे, गंगाधरराव मात्र पुरते शिकले. काल यांनी बोलावलं नव्हतं तरी पावणेपाचला आले, खाली बघत, हात बांधून, आणि कॉफी येईपर्यंत एक शब्द बोलले नाहीत. शेंगदाणाच द्यायचा राहिला.


सरगूर
२१ मार्च

शंभू,

पुढचं कापड उशिरा येईल, वाट बघू नकोस. दोन दिवस इथे ढग होते, वाळलंच नाही. चिन्नीचे केस सुटायला दोनदा साबण लावावा लागतो, मग नीळ, मग उन्हात, मग तांब्यात निखारे घालून वरून फिरवते तेव्हा कुठे तुझ्याकडे पाठवण्यासारखं होतं. डोळ्यांना दिसत नसलं तरी हाताला डाग कळतात हो.

कुसुमची कापडंही काय सुरेख घडी घालून येतात! तिला सांग, इतकं करायला नको होतं.

अंबूताई


कुवेंपुनगर
२४ मार्च

ताई,

तुझं पत्र मी उभ्याने वाचलं आणि बसून पुन्हा वाचलं.

धुतलंस? तिन्ही? साबण आणि नीळ?

मग मी कुसुमला विचारलं. ती पदर तोंडाला लावून भिंतीकडे वळली. तिचे खांदे हलत होते. मला वाटलं रडते. ती हसत होती. म्हणाली, "अहो, वन्संच्या घरी कुत्र्याच्या अंगाखालचं कापड तसंच पाठवू? काय म्हणतील त्या? मी प्रत्येक वेळी धुतलं, इस्त्रीही केली."

म्हणजे पाच आठवडे म्हैसुराहून सरगूरला साबण गेला आणि सरगूरहून म्हैसूरला साबण आला. माझा कुत्रा साबणाला भुंकत नाही आणि तुझं मांजर साबणावर झोपतं, एवढं मी सिद्ध केलं. आणि हे मी चांगल्या शाईने वहीत लिहून ठेवलं आहे, गंगाधररावांना वाचूनही दाखवलं आहे!

दोष माझाच. गिऱ्हाइकाला कोट देताना मी 'बटणं लावा' असंही सांगतो. इथे 'धुऊ नका' सांगायचं राहिलं. ते सांगावं लागेल असं मला वाटलं नाही.

चौदा दिवस उरले. हात जोडतो, एक कापड न धुता पाठव. जसं आहे तसं. केसांसकट.

शंभू


सरगूर
२८ मार्च

शंभू,

भागीरथीबाई वाचता वाचता थांबल्या आणि मग आम्ही दोघी इतक्या हसलो की चिन्नी उठून गेली.

पण रागावू नकोस रे. बाबांचा विठ्ठल तुझ्या घरी आहे. माहेरच्या देवाच्या घरात मी मळकं फडकं कसं पाठवू? आई गावाला कुणाचं उसनं भांडंसुद्धा घासून, वर दोन केळी ठेवून परत करायची. तू त्याच घरात वाढलास. तुझ्या शास्त्रात हे कसं आलं नाही?

आता पाठवते आहे. माझ्या जुन्या लुगड्याचा पदर आहे. यावर चिन्नी झोपते आणि मीही झोपते. खोबरेल तेल, दूध, मांजर, म्हातारी, सगळं त्यात आहे. पुडकं बांधताना लाज वाटली. जणू मीच न्हाल्याशिवाय तुझ्या दारात येते आहे.

आता एकदा खरं सांगून टाकते, कारण हे भागीरथीबाई वाचणार नाहीत, मी लिहून लगेच चिकटवणार. चिन्नी हे निमित्त होतं. मला कुत्र्याची भीती वाटते. लहानपणी नदीवर त्या पिवळ्या कुत्रीने मला धरलं होतं, तू पाळण्यात होतास. तेव्हापासून कुत्रा जवळ आला की माझं अंग माझं राहत नाही, आपोआप उडतं. आणि तू लिहितोस, दचकलीस तर डोळा गेला. म्हणजे डोळा वाचवायला मी अशा घरात यायचं, जिथे मी दचकणारच. त्यापेक्षा हे धुकं काय वाईट आहे, असं वाटतं. धुक्यात निदान सगळं हळू येतं.

अंबूताई


कुवेंपुनगर
३ एप्रिल

ताई,

थोडक्यात लिहितो.

प्रयोग थांबवला आहे. फौजदाराला शुक्रवारी बोगादी गावाला माझ्या ओळखीच्या नागराजकडे नेऊन ठेवतो. त्याचं शेत आहे, जागा आहे. तू आणि चिन्नी शनिवारी या. घरात कुत्रा नसेल. तू परत जाशील तेव्हा बघू, आणि नाही आणला तरी चालेल. डोळा महत्त्वाचा.

शंभू


कुवेंपुनगर
३ एप्रिल

वन्संना कुसुमचा वाकून नमस्कार.

हे पत्र यांना न सांगता कंडक्टरांच्या हातात देते आहे. यांनी तुम्हाला काय लिहिलं ते मला माहीत आहे. काय लिहिलं नाही तेही माहीत आहे.

तुमचा पदर आला. पुडकं सोडल्यावर फौजदार असा भुंकला की समोरून गंगाधरराव काठी घेऊन आले. पाठीवरचे केस उभे, खोलीभर धावला, खुर्ची पाडली. यांनी 'सुम्मनिरु, सुम्मनिरु' म्हणून घसा कोरडा केला. रात्री वहीत लिहिलं, 'पूर्ण अपयश', आणि खाली दोन रेघा.

दुसऱ्या दिवशीही तसंच. तिसऱ्या दिवशी दुपारी मी तांदूळ निवडत होते. घर एकदम गार पडल्यासारखं शांत झालं. बघते तर फौजदार चटईवर नव्हता. त्याने तुमचा पदर कोपऱ्यात ओढून नेला होता, त्याच्यावर हनुवटी टेकून झोपला होता. यांना दाखवलं, तर म्हणाले, "जागा सोडली. हेही अपयश." मला पुढे बोलू दिलं नाही.

पण वन्सं, संध्याकाळी दुकानातून आले तेव्हा मी पाहिलं. फौजदार बाहेर होता. हे कोपऱ्यात जमिनीवर बसले, पदर उचलला आणि नाकाशी धरला. बराच वेळ. मी कॉफी घेऊन उभी. म्हणाले, "आईचा वास आहे गं याला." मग पेला घेतला आणि दुसरंच बोलायला लागले. त्या वेळचं वहीत काही नाही, मी बघितली.

बोगादीला नेण्याचं ठरल्यापासून यांना अन्न जात नाही. तुम्ही भिता हेही खरं, हेही खरं. मी मधे काय बोलू? तुम्ही ठरवा.

कुसुम


सरगूर
५ एप्रिल
(पोस्टकार्ड)

शंभू, फौजदाराला कुठे पाठवू नकोस. मी पाहुणी. पाहुण्यासाठी घरच्याला घालवत नाहीत. माझ्या पदरावर झोपला म्हणतात, मग ओळख झालीच म्हणायची. शनिवारी दुपारच्या बसने येते. चिन्नी टोपलीत असेल, तोंड बांधलेलं असेल, टोपलीचं. कार्ड माझ्या आधी पोचावं म्हणून आजच टाकते.

अंबूताई


कुवेंपुनगर
२४ जून

ताई,

तू परत गेल्याला आठ दिवस झाले. चष्मा लागू पडला का? जाड भिंगांत पायरी जवळ वाटते, म्हणून पाय टाकण्याआधी काठीने बघत जा. हे डॉक्टरांनी सांगितलं, मी पुन्हा सांगतो.

तुझ्या वेळच्या नोंदी मी काल नीट लिहून काढल्या, कारण गंगाधररावांचा जावई हैदराबादेहून कुत्रा आणतो आहे, आणि पद्धत त्यांना हवी आहे. तुझ्याकडून पडताळून घ्यावं म्हणून सारांश देतो.

७ एप्रिल, आगमन. टोपली उघडल्यावर चिन्नी माळ्यावर. फौजदार चटईवर, पण भुंकला, सुमारे चार मिनिटं.
९ एप्रिल, चिन्नी दूध प्यायला खाली. फौजदाराने मान उचलली, उठला नाही.
१२ एप्रिल, दोघं एका खोलीत, सात फूट. चिन्नीने पाठ फिरवली. हे चांगलं चिन्ह.
१६ ते २३, तू दवाखान्यात.
२३ एप्रिल, तू घरी, दोन्ही डोळ्यांना पट्टी, पलंग पुढच्या खोलीत खिडकीखाली. खडूची रेघ पलंगापासून सहा फुटांवर नवीन मारली.
२६ एप्रिल, दुपारी सव्वातीन. दुकानातून घरी आणलेलं शिवणाचं मशीन बंद, कुसुम मागे. तू विचारलंस, "शंभू, फौजदार कुठे आहे?" मी दारातून पाहून सांगितलं की चटईवर आहे. त्या दिवशी तो तास-दीड तास शांत होता. पूर्ण यश.
३० एप्रिल, पट्टी निघाली.

यात काही राहिलं असेल तर कळव. हिशोबी माणसाने दुसऱ्याची साक्ष घ्यावी.

फौजदार रोज तुझा पलंग होता तिथे जाऊन हुंगतो आणि परत येतो. हे नोंदीत नाही.

शंभू


सरगूर
१ जुलै

शंभू, सुखात राहा.

हे पत्र मी उन्हात न जाता, घरात बसून लिहिते आहे, आणि ओळी सरळ आहेत. बघ लावून टेप.

चष्मा लावला की सगळं माझ्या अंगावर येतं. दूध उतू जाताना केवढं मोठं होतं! भागीरथीबाईंच्या तोंडावर किती सुरकुत्या, आणि मी तीन वर्षं त्यांना गोऱ्यागोमट्या समजत होते. त्यांना सांगितलं तर म्हणाल्या, "तू धुक्यातच बरी होतीस." विहीर पाहिली. कठड्याची एक बाजू पार खचलेली. मी बराच वेळ लांब उभी राहिले, मग घरात येऊन बसले.

आणि तुला पाहिलं, त्या दिवशी पट्टी निघाली तेव्हा. अजून चष्मा नव्हता, तू नुसता धूसर, पण डोक्यावर सगळं पांढरं. मी विचारलं, कधी रे झाले? तू म्हणालास, होत होते.

तुझ्या नोंदी भागीरथीबाईंना न देता मीच वाचल्या, दोनदा. साक्ष मागितलीस म्हणून देते.

पट्टीच्या त्या दिवसांत दिवस नव्हते. तुझं मशीन सुरू झालं की मला नदी लागायची. पाणी दगडावरून घरंगळत जातंय आणि मी होडीत आडवी, वर आभाळ नाही, खाली तळ नाही. मशीन थांबलं की होडी थांबायची. मग कुसुमच्या बांगड्यांचा आवाज म्हणजे काठ. चिन्नी पायांवर येऊन बसली की कुणीतरी होडीत एक ऊबदार दगड ठेवला, म्हणजे आता ती वाहून जाणार नाही. मी त्यात सुखी होते. फक्त एक होतं. त्या सगळ्या पाण्यात कुठेतरी कुत्रा आहे, हे मी एक क्षण विसरत नव्हते. त्याची नखं जमिनीवर वाजली की मी ती मोजायला लागायची.

त्या गुरुवारी, नदी थांबली. सव्वातीन असतील, तू म्हणतोस तर. नखं वाजली. थोडी. मग थांबली. मग परत, अगदी हळू, जसं कुणी ओल्या जमिनीवरून चालतं. चिन्नी पायांवरून हलली नाही. मग पलंगाच्या कडेला काहीतरी टेकलं आणि माझ्या उजव्या मनगटावर ऊन ऊन वारा आला. गेला. आला.

तेव्हा मी तुला विचारलं, फौजदार कुठे आहे.

आणि तू दारातून म्हणालास, "चटईवर आहे ताई. आपल्या जागेवर. तू झोप."

तुझा आवाज मी पाळण्यापासून ओळखते. तू जेव्हा खरं सांगतोस तेव्हा त्यात फूट आणि इंच असतात. त्या दिवशी एकही नव्हता. आणि तू 'सुम्मनिरु' म्हणाला नाहीस. मला कळलं, तू म्हणू शकत नाहीस. तू हुकूम दिलास तर तो चटईकडे जायला उठेल, तो उठला तर मी उडेन. तू तिथे उभा होतास, श्वास धरून, तुझी सगळी विद्या बाजूला ठेवून. तुझी भीती मला माझ्या भीतीपेक्षा मोठी ऐकू आली. मग माझ्या भीतीला जागाच उरली नाही.

तास-दीड तास लिहिलंस. मला वाटलं, एक पावसाळा गेला. त्याचा श्वास आणि माझा श्वास, आधी वेगवेगळे, मग कधी एक झाले कळलं नाही. नदीवरच्या त्या पिवळ्या कुत्रीची आठवण आली, आणि पहिल्यांदाच वाटलं की तिची पिल्लं असतील जवळपास, मी त्यांच्यावर पाय दिला असेल. हे मला साठ वर्षांत सुचलं नव्हतं.

तेव्हा गंगाधररावांच्या जावयाला काय द्यायचं ते तू ठरव. चटईचं लिहिलंस तर मी खोटं म्हणणार नाही.

पण डॉक्टरांनी मला बजावलं होतं, काही हलवायचं नाही, आणि मी हलले नाही असं तू त्यांना सांगितलंस, ते मात्र बरोबर नाही. मी एक बोट हलवलं. त्याच्या कानामागे फार मऊ आहे रे. तेवढं तू दारातून पाहिलं नसशील.

अंबूताई